चाल चर्चची, टोला पास्टरला : नैरोबीचं हिप-हॉप

तिरकिट

मागे रॅपच्या धाग्यावर कुणीतरी लिहिलं होतं की धर्माबद्दल खरं बोलायचं तर रॅपरला आधी धर्मातून बाहेर पडावं लागतं. तिथे वाद घातला असता तर मूळ विषयाची वाट लागली असती, म्हणून हा वेगळा धागा. पूर्व आफ्रिकेत, त्यातही केनियात, गोष्ट नेमकी उलटी आहे. चर्चचे वाभाडे काढणारा रॅपर तिथे चर्चचाच असतो. तो बायबल कोळून प्यायलेला असतो. धृपदाला मागे कोरस उभा करतो, कीबोर्डवर रविवारच्या प्रार्थनेतले लांब सूर धरतो आणि मधल्या कडव्यांत पास्टरची हजेरी घेतो.

सुरुवात डांडोरापासून. नैरोबीच्या पूर्वेची ही वस्ती १९७०च्या दशकात जागतिक बँकेच्या मदतीने गरिबांसाठी आखली गेली. शेजारीच शहराचा कचराडेपो आला आणि तो आजतागायत तिथेच आहे. 'कालामाशाका' हे त्रिकूट इथलंच. त्यांचं 'तफसिरी ही' हे गाणं १९९७चं. त्याआधी नैरोबीत रॅप म्हणजे बऱ्यापैकी घरची मुलं अमेरिकन उच्चारात इंग्रजी म्हणायची. यांनी ते स्वाहिली आणि शेंगमध्ये आणलं. शेंग ही नैरोबीच्या गल्लीतली भाषा: स्वाहिलीचा सांगाडा, इंग्रजीची उसनवारी, त्यात किकुयू-लुओ शब्दांची फोडणी. कालामाशाकाच्या भोवती पुढे 'उकू फ्लानी माउ माउ' नावाचा मोठा गोतावळा जमला, डांडोरापासून मोंबासापर्यंत. पोलीस, बेकारी, जमीन, ब्रिटिशांविरुद्धच्या माउ माउ लढ्यातले विसरलेले म्हातारे, असे त्यांचे विषय.

जुलियानी हा रॅपर त्याच गोतावळ्यातला. २००५च्या आसपास तो 'बॉर्न अगेन' झाला, म्हणजे त्याने नव्याने येशूला वाहून घेतलं. अशा वेळी सहसा काय होतं हे आपल्याला ठाऊक आहे. गायक जुनी गाणी म्हणजे पाप म्हणून जाहीर करतो, पांढरा सूट शिवतो आणि उरलेलं आयुष्य हात वर करून गातो. याने सूट शिवला नाही. २००८चा 'म्ताआ मेंटॅलिटी' ऐका (म्ताआ म्हणजे वस्ती). येशू आला आहे, पण कचराडेपो कुठे गेलेला नाही. २०११च्या अल्बमचं नावच 'पल्पिट क्वा स्ट्रीट', म्हणजे व्यासपीठ रस्त्यावर. माझ्या मते त्याचं सगळं काम या तीन शब्दांत आहे. पास्टरने वरून खाली बोलायचं आणि लोकांनी खालून 'आमेन' म्हणायचं, ही बैठकच त्याने मोडली.

आता चर्चवर एवढा राग का? केनियात २०१९च्या जनगणनेनुसार पंच्याऐंशी टक्क्यांच्या वर लोक ख्रिस्ती आहेत. म्हणजे चर्चवर टीका ही 'त्यांच्यावर' टीका नसते, घरातली भांडणं असतात. आणि हे घर एकेकाळी ताठ कण्याचं होतं. राष्ट्रपती मोईंच्या एकपक्षीय राजवटीत तोंड उघडणारे जे मोजके लोक होते त्यांत बिशप ओकुलू, बिशप मुगे, बिशप गिटारी, रेव्हरंड न्जोया ही मंडळी होती. न्जोयांना तर १९९९ साली संसदेबाहेर रस्त्यावर बेदम मारलं होतं. मग २००२ साली मोई गेले, विरोधक सत्तेत आले, आणि चर्च सत्तेच्या मांडीवर जाऊन बसलं. २००७च्या निवडणुकीत पाद्री आपापल्या जमातीच्या उमेदवारामागे उभे राहिले. निकालानंतरच्या दंगलीत अकराशेहून जास्त माणसं मेली. १ जानेवारी २००८ला एल्डोरेटजवळ किआंबा इथे चर्चमध्ये आसरा घेतलेल्या बायकामुलांसकट चर्च पेटवण्यात आलं. त्यानंतर केनियाच्या चर्च परिषदेने आम्ही पक्षपात केला, अशी जाहीर माफी मागितली.

'म्ताआ मेंटॅलिटी' त्याच वर्षीचा आहे, हे लक्षात ठेवून ऐका.

खवचट_काका

म्हणजे 'ऐसे कैसे जाहले भोंदू', पण ड्रमवर. यात नवीन काय?

तिरकिट

काका, या संस्थळावर कुठलाही धागा दहा प्रतिसादांच्या आत तुकोबांपाशी पोचतो, तुम्ही पहिल्याच प्रतिसादात पोचवलात. अभिनंदन.

पण फरक आहे. केनियात गॉस्पेल, म्हणजे ख्रिस्ती भक्तिगीतं, हा धंदा आहे, आणि मोठा. रविवारी सकाळी टीव्हीवर तासन्‌तास गॉस्पेलचे व्हिडिओ चालतात. त्यांचे स्वतंत्र पुरस्कार आहेत, 'ग्रूव्ह अवॉर्ड्‌स', २००४पासून. शाळा-कॉलेजांचे कार्यक्रम, राजकारण्यांच्या सभा, बँकांच्या जाहिराती, सगळीकडे गॉस्पेलवाला चालतो, कारण तो सोज्ज्वळ. त्यामुळे ज्या रॅपरला त्या बाजारात शिरकाव मिळाला आहे त्याने पास्टरला चिमटा काढणं म्हणजे ज्या दुकानात उधारी चालू आहे तिथेच मापात खोट काढणं. संतांना विरोध झाला, छळ झाला, सगळं कबूल. पण त्यांना कुणी रविवारच्या कार्यक्रमाचं मानधन देत नव्हतं, जे दुसऱ्या दिवशी बंद होईल.

पार्कलंड्सकर

सध्या नैरोबीत आहे, नोकरीनिमित्त. थोडं प्रत्यक्ष दिसतं ते लिहिते.

इथली मटाटू म्हणजे खाजगी मिनीबस. आत निळे-जांभळे दिवे, दोन-तीन स्क्रीन आणि छातीत धडधडेल इतका बेस. आठवडाभर त्यावर डान्सहॉल, गेंगेटोन, काय वाट्टेल ते. रविवारी सकाळी तीच गाडी, तोच कंडक्टर, पण स्क्रीनवर गॉस्पेल. गाडीच्या मागच्या काचेवर एखादं वचन रंगवलेलं आणि शेजारी फुटबॉलपटूचं चित्र. यात कुणालाच काही विसंगत वाटत नाही. त्यामुळे गॉस्पेल आणि रॅप एकत्र कसं येतं हा प्रश्न इथे बसून पडतच नाही. ते एकाच स्पीकरमधून येतं.

आमच्या गल्लीच्या टोकाला मोकळ्या प्लॉटवर एक तंबू आहे. पांढरा-निळा, लग्नाला लावतात तसा. शुक्रवारी रात्रभर 'केशा' चालते, म्हणजे जागरणाची प्रार्थना. प्लास्टिकच्या खुर्च्या, एक कीबोर्ड, आणि तंबूच्या मानाने तिप्पट मोठे स्पीकर. दर्शनी बॅनरवर पास्टर आणि त्यांच्या पत्नीचा फोटो, सूट आणि सॅटिनमध्ये. खाली सर्वांत ठळक अक्षरांत काय असेल? एम-पेसाचा (मोबाइलवरून पैसे पाठवायची सोय) पेबिल नंबर. येशूचं नाव त्याहून बारीक आहे.

'बी पेरा' हे इथलं परवलीचं वाक्य: पांडा म्बेगू. तुम्ही पैसे पाठवा, देव पटीने परत करेल. २०१४ साली एका वाहिनीने छुप्या कॅमेऱ्याने एका पास्टरचे चमत्कार उघडे पाडले होते. पोटॅशियम परमँगनेटने पाणी लाल करून 'पाय धुतल्यावर रोग रक्तावाटे बाहेर पडला' असं दाखवायचे. प्रार्थनेसाठी ३१० शिलिंग एम-पेसा करायचे. तेव्हापासून '३१०' हा आकडा इथे विनोद झाला आहे, आपल्याकडे '४२०' तसा. सरकारने मग नवीन चर्चची नोंदणी थांबवली आणि नियम आणले. पाद्र्यांनी एकजुटीने बोंब ठोकली आणि जानेवारी २०१६मध्ये राष्ट्रपतींनी ते नियम मागे घेतले.

नंतर २०२३ साली किलिफीच्या शाकाहोला जंगलात काय सापडलं ते जगाने पाहिलं. उपाशी राहा म्हणजे येशू भेटेल असं सांगून नेलेल्या लोकांचे चारशेहून जास्त मृतदेह उकरून काढले. त्या नियमांची आठवण तेव्हा सगळ्यांना झाली.

जोसेफ_नगर

धागा आवडला. मी अहमदनगरचा प्रोटेस्टंट, त्यामुळे जरा वेगळ्या खिडकीतून बघतो.

परकी चाल टाकून आपल्या चालीत देव गाणं हे आम्हाला नवं नाही. आमच्या 'उपासना संगीत'मध्ये ना. वा. टिळकांची पदं आहेत आणि ती पेटी-तबल्यावरच म्हटली जातात. पूर्व आफ्रिकेत स्वाहिलीतलं 'तेन्झी झा रोहोनी' हे गीतांचं पुस्तक घरोघर असतं. त्यातल्या चाली मात्र बऱ्याचशा युरोप-अमेरिकेतून आलेल्या.

पण मला वाटतं खरी मुळं 'रिव्हायव्हल'मध्ये आहेत. १९३०च्या दशकात रवांडातल्या गाहिनीहून सुरू झालेली ही चळवळ युगांडा, केनिया, टांझानियात पसरली. तिचं गीत लुगांडा भाषेतलं, 'तुकुतेंदेरेझा येसू', आजही गातात. तिचा गाभा म्हणजे उशुहूदा, साक्ष. चारचौघांत उभं राहून 'मी चोरी केली, मी बायकोला मारलं, मी खोटं बोललो' हे नाव-गाव घेऊन सांगायचं. आणि ते सांगताना समोर बसलेल्या मिशनरी साहेबालाही 'तुझं काय?' विचारायचं. गोऱ्या मिशनऱ्यांना ते फार झोंबायचं.

आता रॅप काय आहे? प्रथमपुरुषी, पत्ता सांगून केलेली कबुली. म्हणून मला जुलियानी वगैरे लोक चर्चवर बाहेरून काही आणून चिकटवतायत असं वाटत नाही. ते चर्चचीच जुनी सवय चर्चला परत दाखवतायत. आजच्या तंबूवाल्या पास्टरांनी साक्षीचा अर्थ उलटा केला: 'मी गरीब होतो, बी पेरलं, आता माझ्याकडे प्राडो गाडी आहे.'

खवचट_काका

जोसेफराव, हे मात्र पटलं. माझा पहिला प्रतिसाद तसाच ठेवतो, त्याच्यामुळे धागा चालला.

शंकेखोर

सगळे एका सुरात गाताय म्हणून थोडं बेसूर.

एक: 'बॉर्न अगेन रॅपर' ही कल्पनाच बाजाराला सोयीची आहे. पास्टरवर टीका करणारा ख्रिस्ती रॅपर परदेशी संस्थांना फार आवडतो. कार्यशाळा, अनुदान, पुरस्कार, परिषदेत भाषण. ज्या गल्लीबद्दल गातो तिथले लोक तंबूतल्या पास्टरलाच पैसे देतात, कारण मूल आजारी पडलं तर रात्री दोन वाजता तोच येतो. रॅपर येत नाही.

दोन: गॉस्पेलमधून उलट दिशेने गेलेले किती! विली पॉल ग्लोरिया मुलिरोबरोबर 'सितोलिया' गाऊन घराघरांत पोचला. आज तो काय गातो ते यूट्यूबवर बघा, मुलं शेजारी नसताना. बहातीचंही तेच. तेव्हा गॉस्पेल ही शिडी होती, चढून झाल्यावर काढून टाकली. ढोंग फक्त पास्टरांकडेच असतं असं नाही.

तीन: पास्टरवर टीका स्वस्त आहे. चमत्कारवाल्याला कोण सुशिक्षित माणूस शिव्या देत नाही? राजकारण्यावर, नाव घेऊन, बोलला का कुणी?

तिरकिट

तिसऱ्यापासून सुरू करतो, कारण त्यात दम आहे.

जुलियानीचं 'बहाशा या ओकाम्पो' हे गाणं घ्या. बहाशा म्हणजे पाकीट. २००९च्या जुलैत कोफी अन्नान यांनी दंगलीमागच्या संशयितांची नावं असलेलं बंद पाकीट आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाचे अभियोक्ता मोरेनो-ओकाम्पो यांच्याकडे सोपवलं. त्या पाकिटात कोण, यावर दीड वर्ष देश झुरत होता. सहा नावं १५ डिसेंबर २०१०ला जाहीर झाली. त्यातले दोघे पुढे केनियाचे राष्ट्रपती झाले. आणि ते खटल्याच्या काळात मते मागत फिरत होते तेव्हा त्यांच्या डोक्यावर हात ठेवून प्रार्थना करायला पाद्री रांगेत उभे होते. अशा वेळी त्या पाकिटावर गाणं करणं हे गॉस्पेलच्या कपाटात ठेवलेल्या माणसासाठी स्वस्त नव्हतं. केनियात पास्टर आणि पुढारी वेगळे करताच येत नाहीत, हे तर मूळ दुखणं. रविवारी पुढारी चर्चला जातो, नोटांची थैली देतो, माईक घेतो आणि वेदीसमोरून विरोधकाला शिव्या घालतो. याला 'हारांबी' म्हणतात. स्वातंत्र्यानंतर लोकांनी वर्गणी काढून शाळा बांधण्यासाठी तो शब्द होता.

दुसरा मुद्दा मान्य आहे, वाद नाही. पहिल्याबद्दल: संस्थांचा पैसा आहेच. त्यामुळे त्याची नंतरची काही गाणी मला माहितीपत्रकासारखी वाटतात, 'मतदान करा' छापाची. धार कमी झाली की चाल लगेच उघडी पडते. पण रात्री दोन वाजता रॅपर येत नाही म्हणून त्याचं म्हणणं खोटं ठरत नाही. रात्री दोनला येणाऱ्याने सकाळी ३१० मागितले की काय करायचं, हा प्रश्न उरतोच.

मॉडरेटर

एक प्रतिसाद काढला आहे. कुठल्याही धर्माच्या सर्व लोकांवर शेरे नकोत. चर्चा छान चालली आहे, चालू द्या.

मृद्गंध

धाग्याच्या नावात नैरोबी आहे हे मान्य, पण टांझानियाला अगदीच वाळीत टाकू नका.

तिथे रॅपरचं नावच रोमा म्काटोलिकी, म्हणजे रोमा कॅथलिक. गाणी मात्र सरकारवर. एप्रिल २०१७मध्ये दार-ए-सलाममधल्या स्टुडिओतून त्याला आणि काही साथीदारांना अज्ञात लोक उचलून घेऊन गेले, काही दिवसांनी मारहाण झालेल्या अवस्थेत सापडले. त्याच्या काही दिवस आधी नाय वा मितेगो या रॅपरला 'वापो' या गाण्यासाठी अटक झाली होती आणि मग खुद्द मागुफुलींनी सोडायला सांगितलं, वर गाण्यात अजून काय घालायला हवं तेही सुचवलं! राष्ट्रपती गीतकार.

पण धर्मावर थेट टीका टांझानियाच्या रॅपमध्ये मला केनियाइतकी सापडत नाही. ख्रिस्ती आणि मुस्लिम दोघेही मोठ्या संख्येने. सरकारने १९६७नंतर जनगणनेत धर्म विचारणंच बंद केलं, इतकं ते जपून चालतात. केनियात रॅपर 'आपल्या' चर्चला बोलतो. टांझानियात तेच बोलणं शेजाऱ्याला 'त्यांच्या' धर्मावर ऐकू जाण्याची भीती.

गॉस्पेलमध्ये मात्र टांझानिया दादा. रोझ मुहांदोचं 'म्तेउले उवे माचो' लावा. रॅप नाही, पण तिचा आवाज असा घासून येतो की निम्म्या रॅपरांनी घरी बसावं.

पार्कलंड्सकर

शंकेखोर यांच्या 'नाव घेऊन बोललं का' याला २०२४चं उत्तर आहे.

जूनमध्ये करवाढीच्या अर्थविधेयकाविरुद्ध पोरं रस्त्यावर आली तेव्हा त्यांच्या तोंडी राष्ट्रपती रुटोंचं आधीच पडलेलं नाव होतं, 'झाकायो'. बायबलमधला जकातदार. घोषणा होती 'झाकायो शुका', झाकायो खाली उतर. रुटो स्वतःला देवभक्त म्हणवतात, सभेत बायबल उद्धृत करतात, म्हणून लोकांनी त्यांच्याच पुस्तकातला माणूस शोधला. ही घोषणा समजावून सांगावी लागली नाही. संडे स्कूल सगळ्यांनीच केलेलं.

हे इथे जुनंच आहे म्हणा. २००२ साली 'योते यावेझेकाना क्वा इमानी' (श्रद्धेने सगळं शक्य आहे) या भजनाचं लोकांनी 'योते यावेझेकाना बिला मोई' केलं होतं, म्हणजे मोईविना सगळं शक्य आहे. त्याच निवडणुकीत 'गिडी गिडी माजी माजी'चं रॅप 'अनब्वोगेबल' प्रत्येक सभेत वाजत होतं. भजन आणि रॅप एकाच ट्रकवरून. आमच्या ऑफिसातले वयस्कर लोक अजून ते गुणगुणतात.

त्या जूनमध्ये गर्दीने नाचायला घेतलं ते 'अंगुका नायो', ज्यात देवधर्माचा संबंध नाही. आणि उभं राहून म्हणायला घेतलं जुलियानीचं 'उतावाला'. वाईट राज्य करत असताना मी नुसता उभा राहणार नाही, किंमत मोजायला तयार आहे, अशा अर्थाचं धृपद. गाणं जुनं, ते आलं तेव्हा ही पोरं शाळेत होती. आमचा अकाउंटंट, वय पंचवीस, चर्चच्या कॉयरमध्ये गातो. तो म्हणाला की पहिल्या दिवशी अश्रुधूर फुटला तेव्हा शेजारच्या अनोळखी पोरीने हे गाणं सुरू केलं आणि त्याने सवयीने खालचा सूर धरला. कॉयरमध्ये करतो तसा.

नंतर पोरं चर्चमध्येही गेली, पुढाऱ्यांना वेदीवरून बोलू देऊ नका म्हणत. नोव्हेंबर २०२४मध्ये नैरोबीच्या कॅथलिक आर्चबिशपनी राष्ट्रपतींची लाखोंची देणगी परत केली. आणि मार्च २०२५मध्ये नैरोबीतल्याच रॉयसांबूच्या एका चर्चला राष्ट्रपतींनी २ कोटी शिलिंग देऊ केले, तेव्हा पुढच्या रविवारी पोरं तिकडे चालून गेली आणि पोलिसांनी अश्रुधूर सोडला. दोन्ही गोष्टी चार महिन्यांत.

जोसेफ_नगर

आमच्या मराठी बायबलात तो 'जक्कय', उंबराच्या झाडावर चढलेला. लूक, अध्याय १९. घोषणेत फक्त 'खाली उतर' आहे, पण गोष्ट तिथे संपत नाही. खाली उतरल्यावर तो म्हणतो, माझी निम्मी मालमत्ता गरिबांना देतो आणि ज्याला फसवलं त्याला चौपट परत करतो. पोरांना हे पाठ असणारच. पुढचं वाक्य रुटोंनी म्हणावं म्हणून त्यांनी मुद्दाम अर्धवट सोडलं असावं.

शंकेखोर

चौपट? केनियाचं कर्ज बघता अवघड आहे.

बरं, ऐकायला कुठून सुरू करू? शेंग मला ओ की ठो कळत नाही.

तिरकिट

आधी 'तफसिरी ही', म्हणजे धर्म येण्याआधीचा राग कळेल. मग 'म्ताआ मेंटॅलिटी', सलग, शब्दांच्या नादी न लागता: कोरस कुठे येतो आणि तो कुणाला उत्तर देतो एवढंच बघा. बऱ्याच ठिकाणी तो देवाला नाही, रॅपरला उत्तर देतो. मग 'बहाशा', मग 'उतावाला'. मधे तोंड गोड करायला सौती सोलचं 'कुलिको जाना'. रॅप नाही, पण पॉपवाल्यांनी कॉयर घेतलं की काय होतं ते कळतं. न्याशिन्स्कीचं 'मुंगू पेके' अगदी शेवटी ठेवा. एकेकाळचा पक्का रॅपर, आणि गाणं इतकं निवांत की ते आधी लावलंत तर बाकीच्या भांडणांकडे वळायला मन होणार नाही.